700 एमबीत न मावलेलं

2006 साली मी कराडला इंजिनिअरिंगला होतो. हॉस्टेलवर इंटरनेट नावापुरतं, पण लॅनवर सगळ्या पोरांच्या हार्ड डिस्क एकमेकांना जोडलेल्या. डीसी प्लस प्लस नावाचं फाईल वाटायचं सॉफ्टवेअर उघडायचं आणि कुणाकडे काय आहे ते उपसायचं. त्यात 'रश अवर' सापडला. 1998चा हॉलिवूडचा पिक्चर, आमच्यापर्यंत यायला आठ वर्षं लागली. फाईल बरोबर 700 एमबीची, कारण एका सीडीत बसली पाहिजे. सबटायटल चार सेकंद मागे.

मी मराठी मिडियमचा. त्यातल्या अमेरिकन पोलिसाचं, ख्रिस टकरचं बोलणं आजही मला निम्मंच कळतं. पण पडद्यावर जॅकी चॅन उभा होता, हाँगकाँगहून लॉस एंजेलिसला आलेला इन्स्पेक्टर ली, आणि टकर त्याला विमानतळावर ओरडून ओरडून विचारत होता, मी बोलतोय ते कळतंय का? आवाज वाढवला की भाषा कळते म्हणे! ली इंग्रजी येत असून गप्प राहतो, समोरच्याला बडबडू देतो. पुढे व्हायव्हाला, म्हणजे तोंडी परीक्षेला, मीही तेच केलं. फक्त मला खरंच येत नव्हतं.

या पिक्चरनं जगभरात 24 कोटी डॉलरच्या वर गल्ला जमवला. (त्यात आमच्या खोलीचा वाटा शून्य.) मारामारीला भाषा लागत नाही म्हणून असले पिक्चर कुठंही चालतात, असं सांगतात. मला ते अर्धंच पटतं. नुसती मारामारी मी तासाभरात विसरतो. इथं एकाचं दुसऱ्याला कळत नाही हाच विनोद आहे, त्यामुळे ज्याला काहीच कळत नाही असा प्रेक्षकही लीच्या शेजारी जाऊन बसतो. सुट्टीत आईला दाखवला. ली रस्त्यावरच्या पाटीला लटकला तेव्हा ती म्हणाली, "अगं बाई, पडतंय की ते!" तिला कुठलं सबटायटल लागतंय.

चोरीचं वाईट वाटलं ते दहा वर्षांनी, 2016 ला. 'सैराट'ची सेन्सॉरची प्रत फुटली होती आणि आमच्या गावात मोबाईलच्या दुकानात तो कार्डात भरून मिळत होता. मी दुकानदारावर चिडलो. तो हसला. कॉलेजात असताना त्याच्याकडूनच कोऱ्या सीड्या नेत होतो मी.

आमच्या 'रश अवर'मध्ये शेवटी विमानात ली गाणं म्हणायला लागतो आणि फाईल संपते. मला वाटायचं, पिक्चर तिथंच संपतो. परवा पैसे भरून घेतलेल्या ॲपवर पहिल्यांदा कळलं, की पुढे नावांबरोबर फसलेले शॉट आहेत. टकरला साधं चिनी बोलणं जमत नाही आणि जॅकी त्याला हसतोय. तेव्हा शेवटची नावं कापून कुणीतरी माझे तीसचाळीस एमबी वाचवले होते.

तेवढ्यात ॲपनं त्या शॉटचा चौकोन बारीक करून कोपऱ्यात सारला आणि दुसऱ्याच कुठल्या पिक्चरची उलटी मोजणी सुरू केली. मी रिमोट शोधत होतो.