पुण्यात शिकून गेलेला नायजेरियाचा जनरल

दापोडीवरून जाताना सीएमईची, म्हणजे लष्कराच्या इंजिनिअरिंग कॉलेजची, ती लांबच लांब भिंत लागते ना, तिथून गेलो की मला हल्ली हमखास एक माणूस आठवतो, ओलुसेगुन ओबासांजो. नायजेरियाचा जनरल, तीन वर्षं लष्करी राज्यकर्ता आणि मग आठ वर्षं निवडून आलेला राष्ट्राध्यक्ष. हा माणूस 1965 साली भारतात ट्रेनिंगला आला होता, आधी तमिळनाडूतल्या वेलिंग्टनच्या स्टाफ कॉलेजला आणि मग आपल्या पुण्यात, लष्कराच्या इंजिनिअरिंग स्कूलमध्ये. हे कळलं तेव्हापासून मी त्याच्याबद्दल मिळेल ते वाचतोय.

1965 म्हणजे आपल्याकडे धान्याची बोंब होती तो काळ. माझी आजी सांगायची, रेशनच्या दुकानासमोर पहाटेपासून पिशव्या ठेवून नंबर लावायचे, मिळायची काय तर ती लाल मिलो ज्वारी, तिच्या भाकऱ्या थापताना तुटायच्या. ओबासांजोने ती उपासमार डोळ्यांनी पाहिली आणि तो हादरला होता. भारतात असतानाच त्याला वेगवेगळ्या धर्मांबद्दल वाचायची गोडी लागली. पुढे 1976 मध्ये सत्तेत आल्यावर त्याने लोकांनी अन्न स्वतः पिकवावं म्हणून देशभर मोहीम काढली आणि निवृत्त झाल्यावर शेती आणि पोल्ट्री करायला गेला, तेव्हा मला सारखं वाटतं की हे भारतात पाहिलेलं कुठेतरी आत राहिलं असणार. माझा अंदाज आहे हा, पण वाटतं खरं.

तसा तो शेतकऱ्याच्याच घरातला, नायजेरियाच्या नैऋत्येकडल्या अबेओकुटाकडचा, योरुबा समाजातला. वडील घर सोडून गेले, आईने काबाडकष्ट करून वाढवलं, बाप्टिस्ट शाळेत शिकला आणि 1958 ला सैन्यात भरती झाला. काँगोमध्ये संयुक्त राष्ट्रांच्या फौजेत होता तेव्हा बंडखोर सैनिकांनी काही काळ पकडूनही ठेवलं होतं. आणि भारतातून परत जाऊन दोन-चार दिवस होत नाहीत तोच जानेवारी 1966 मध्ये नायजेरियात पहिलं लष्करी बंड झालं, आणि ते करणाऱ्यांत पुढे कोण होता तर त्याचा जिवलग मित्र मेजर न्झेओग्वू! मित्राने ह्याला काहीच सांगितलं नव्हतं.

मग बियाफ्राचं युद्ध, म्हणजे नायजेरियाचा पूर्व भाग वेगळा देश व्हायला निघाला तेव्हाचं यादवी युद्ध. 1967 ते 70. लाखो माणसं मेली, बरीचशी उपासमारीने, पोरांची ती फोटोंमधली फुगलेली पोटं अजूनही बघवत नाहीत. 1969 मध्ये ओबासांजोकडे थर्ड मरीन कमांडो डिव्हिजनची कमान आली आणि जानेवारी 1970 मध्ये बियाफ्राची शरणागती त्यानेच स्वीकारली.

13 फेब्रुवारी 1976. लागोसच्या सकाळच्या ट्रॅफिकमध्ये राष्ट्रप्रमुख मुर्तला मोहम्मद यांची काळी मर्सिडीज अडकली होती, सुरक्षा जवळपास नाहीच, आणि बंडवाल्यांनी तिथेच गोळ्या घातल्या. ती गोळ्यांनी चाळण झालेली गाडी आजही लागोसच्या म्युझियममध्ये ठेवलेली आहे. ओबासांजो त्यांचा नंबर दोन, त्यालाही मारायचंच होतं पण त्याचा समजून दुसऱ्याच अधिकाऱ्यावर गोळ्या झाडल्या गेल्या. बंड फसलं आणि खुर्ची ह्याच्याकडे आली.

आणि इथे तो मला मोठा वाटतो. मुर्तलांनी शब्द दिला होता की 1979 ला सत्ता लोकांकडे देऊ. तो शब्द ओबासांजोने पाळला. 1 ऑक्टोबर 1979 ला त्याने शेहू शगारी ह्या निवडून आलेल्या माणसाकडे देश सोपवला आणि ओटाच्या शेतावर कोंबड्या पाळायला निघून गेला. बंदूक हातात असताना, कोणी मागे लागलेलं नसताना खुर्ची सोडायची, नायजेरियात हे ह्याच्याआधी कुठल्याच लष्करी राज्यकर्त्याने केलं नव्हतं.

पण ह्याच्याच राजवटीत 1977 ला सैनिकांनी गायक फेला कुटीच्या घरावर हल्ला करून घर जाळलं, त्याच्या म्हाताऱ्या आईला खिडकीतून फेकलं, ती पुढच्या वर्षी गेली. ती बाई फुनमिलायो रॅन्सम-कुटी, ब्रिटिशांच्या काळात अबेओकुटातल्या बायकांना घेऊन करांविरुद्ध उभी राहिलेली. ओबासांजोच्याच गावाकडची. हे मला विसरता येत नाही.

पुढे देशात पुन्हा लष्करी राजवट आली आणि 1995 ला हुकूमशहा सानी अबाचाने त्याला बंडाच्या कटाच्या आरोपाखाली पकडलं, बंद दाराआड लष्करी कोर्टात खटला, तुरुंग. त्याच्याबरोबर पकडलेला त्याचा जुना सहकारी शेहू यार'अदुआ 1997 मध्ये तुरुंगातच मेला. ओबासांजो आत बायबल वाचायचा, इतर कैद्यांना प्रवचन द्यायचा. जून 1998 ला अबाचा अचानक मेला, हा सुटला, आणि वर्षभराच्या आत, मे 1999 मध्ये राष्ट्राध्यक्ष म्हणून शपथ घेतली! गंमत नाही, पण त्याच्या स्वतःच्या योरुबा भागाने त्याला मतं दिली नव्हती, उत्तरेने आणि पूर्वेने निवडून आणलं.

ह्या आठ वर्षांत मोबाइल घराघरात पोचला, भ्रष्टाचाराविरुद्ध ईएफसीसी ही तपास संस्था उभी राहिली, आणि पॅरिस क्लबच्या, म्हणजे कर्ज देणाऱ्या श्रीमंत देशांच्या गटाच्या, 30 अब्ज डॉलर कर्जातलं 18 अब्ज माफ करून घेतलं, हे खरंच फार मोठं काम. पण नोव्हेंबर 1999 मध्ये ओडी गावात पोलिसांना मारल्याचा बदला म्हणून सैन्य घुसलं आणि गाव बेचिराख केलं, शेकडो माणसं गेली. 2013 ला कोर्टाने गावकऱ्यांना 37.6 अब्ज नायरा भरपाई द्या म्हणून निकाल दिला. सरकार त्याचं, सैन्य त्याच्या हाताखालचं, मग जबाबदारी दुसऱ्या कोणाची?

आणि 2006 मध्ये तिसऱ्या टर्मसाठी घटना बदलायचा घाट घातला गेला. मी मागितलंच नव्हतं असं तो सांगत आलाय, मला ते पटत नाही, एवढी मोठी धडपड त्याच्या मर्जीशिवाय झाली असेल असं वाटत नाही. 1979 ला खुर्ची सोडणारा माणूस हाच का, असं वाटून मला खरंच वाईट वाटलं. मे 2006 ला सिनेटने तो प्रस्ताव फेटाळला. मग 2007 ला त्याने सत्ता दिली उमारू यार'अदुआकडे, म्हणजे तुरुंगात मेलेल्या त्या शेहूच्या धाकट्या भावाकडे, अशा निवडणुकीनंतर जिच्यात गडबड झाली होती हे उमारूने शपथविधीच्या भाषणातच कबूल केलं.