ऐनवेळचा कास्पर

दुपारी थिएटरातून फोन आला: कास्पर या खलनायकाचं काम करणाऱ्या गायकाचा घसा बसलाय, बदली माणूस दुसऱ्या गावाहून ट्रेननं निघालाय. जर्मनीतल्या ऑपेरा थिएटरांत हे नेहमीचंच. बदली गायकाला भूमिका पाठ असते, दिग्दर्शकाचा सहाय्यक त्याला उठायचं-बसायचं कुठे ते घाईघाईनं दाखवतो आणि पडदा वर जातो. घाम फुटतो तो मला. रंगमंचाच्या वरच्या पट्टीवर शब्द झळकवायचं काम माझं. पुढ्यात स्वरलिपी, बोटाखाली बटण.

गाणं चालू असलं की स्वरलिपी बोट धरून नेते. पण त्या रात्री होता कार्ल मारिया फॉन वेबरचा ‘डेर फ्रायश्युत्झ’ हा ऑपेरा. आपल्या संगीत नाटकासारखंच त्यात गाण्यांच्या अधेमधे साधं बोलणं असतं, आणि ते प्रत्येक थिएटर आपापल्या सोयीनं कापतं. बदली गायकाच्या तोंडात बसलेली काटछाट वेगळी, आमची वेगळी.

कॅन्टीनमध्ये तो सूप पीत होता आणि मी त्याच्या प्रतीत पेन्सिलीनं खुणा करत होते. नायक मॅक्सला दारू पाजून गळाला लावतानाची त्याची काही वाक्यं माझ्या फाइलमध्ये नव्हतीच.

“आणि लांडग्यांच्या दरीच्या प्रवेशाचं काय?” मी विचारलं.

“त्याची काळजी नको. तिथं संगीत आपल्याला सोडत नाही.”

खरंच. मध्यरात्री कास्पर सात जादूच्या गोळ्या ओततो, एकेक मोजतो, दरी प्रतिध्वनी देते. पहिलीला पाखरं उतरतात, दुसरीला काळं रानडुक्कर, तिसरीला वादळ. आकडे बोललेलेच, पण प्रत्येकाची जागा ऑर्केस्ट्रात ठोकून बसवलेली. सैतानी सामिएल तर कधी गातच नाही. तो येतोय हे खर्जातली क्लॅरिनेट आणि टिंपनी नगारे सांगतात. मी गायकाकडे बघणं सोडलं, वाद्यांकडे कान लावला आणि बटण दाबत गेले.

हे टेबलापाशी बसून सुचत नाही. वेबर 1804 मध्ये, अवघ्या सतराव्या वर्षी, ब्रेस्लाउच्या थिएटरात कंडक्टर, म्हणजे वाद्यवृंदाचा संचालक, झाला. या पोराची शिस्त जुन्या मंडळींना काही रुचली नाही. तिथंच कोरीवकामासाठी ठेवलेलं आम्ल चुकून पिऊन त्यानं गाता गळा गमावला. 1813 पासून प्रागमध्ये त्यानं ऑपेराची मंडळी नव्यानं उभी केली, तालमींपासून नेपथ्यापर्यंत सगळ्यात लक्ष घातलं, चेक भाषाही शिकला. 1817 मध्ये ड्रेस्डेनला आला, तर तिथल्या दरबाराचा जीव इटालियन ऑपेरात. ‘फ्रायश्युत्झ’चा पहिला प्रयोग झाला तो बर्लिनमध्ये, 18 जून 1821 रोजी, आणि कंडक्टर तो स्वतःच. रंगमंचावर काय काय कोलमडू शकतं, हे त्याला तोवर पुरतं ठाऊक झालं होतं. (1823 च्या ‘ऑयरियांथे’त त्यानं बोलणं काढूनच टाकलं. माझ्या कामाला उत्तम, पण कथानक इतकं गुंतागुंतीचं की पट्टीवर शब्द झळकूनही प्रेक्षक गोंधळतात.)

त्या रात्री पहिल्या अंकात बदली गायकानं एक वाक्य आपल्या घरच्या प्रतीतलं घुसवलंच. मी पट्टी कोरी ठेवली. कुणाला काही खटकलं नाही.

प्रयोग संपल्यावर मेकअप अर्धवट पुसून तो माझ्याकडे आला आणि खुणा केलेली प्रत मागू लागला. दुसऱ्या दिवशी त्याला आणखी एका गावी, तिसऱ्याच काटछाटीचा कास्पर करायचा होता.