आजीचं पहिलं नाव

"तोंडनी जागावर आरसा शे, मंग तेमा जो देखी तोच दिसी ना?" आजी एवढंच बोलली आणि परत वांगी सोलायला लागली.

जळगावला घरी आज भरीत, पऱ्हाटीवर, म्हणजे कापसाच्या वाळक्या काड्यांवर, वांगी भाजून झालेली आणि मी बाजूला बसून मोबाईलवर माया डेरेन या अमेरिकन दिग्दर्शिकेची 'मेशेस ऑफ द आफ्टरनून' ही फिल्म बघत होतो, १९४३ ची, ब्लॅक अँड व्हाईट, जेमतेम १४ मिनिटांची. नवऱ्यासोबत स्वतःच्याच घरात शूट केलेली, नायिकाही तीच. एका टेबलाशी ती स्वतःच तीनदा बसलेली, आणि ती काळ्या कपड्यातली आकृती, चेहऱ्याऐवजी आरसा असलेली!

मी म्हटलं, आजी, माया हे तिनं मोठेपणी घेतलेलं नाव, मूळचं एलिनोरा.

आजीचा हात थांबला. बोटं जळक्या सालींनी पार काळी.

"मन्हं नाव बी बदलं व्हतं, लगीनमा. माले कोनी इचारं नही."

मग तिनं माहेरचं नाव सांगितलं, एकदम हळू, कोणी ऐकेल की काय अशा आवाजात. मी बत्तीस वर्षांचा, आज पहिल्यांदा ऐकलं. 'स्व' वर एवढं वाचतो, फिल्मा बघतो, रात्र रात्र बोलतो मित्रांशी, आणि हे विचारायचं सुचलंच नाही कधी.

तुमच्या आजीचं माहेरचं नाव माहितीये तुम्हाला?