भित्यापाठी ब्रह्मराक्षस

भुताची गोष्ट ऐकताना मुलांना भीती हवीच असते, फक्त ती सोसवेल एवढी असावी लागते. हे प्रमाण अमेरिकी दूरचित्रवाणी-लेखक जो रुबी यांना अचूक साधले होते. १३ सप्टेंबर १९६९ रोजी सीबीएस वाहिनीवर 'स्कूबी-डू' या, भुताखेतांचा छडा लावणाऱ्या मुलांच्या टोळीवरच्या कार्टून मालिकेचा पहिला भाग लागला, तेव्हा त्याच्या लेखनामागे रुबी आणि केन स्पिअर्स ही जोडी होती. या दोघांची ओळख हॅना-बार्बेरा स्टुडिओच्या संकलन विभागातली, आणि मला त्यांच्या लेखनाचे मर्म तिथेच दिसते. किंकाळीनंतर नेमके किती क्षण थांबून हशा वसूल करायचा, हे ज्याने कात्री चालवली आहे त्याला आपसूक कळते.

मालिकेचा आरंभीचा आराखडा वाहिनीच्या वरिष्ठांना मुलांसाठी फारच भीतिदायक वाटला, म्हणून विनोद वाढवून भेदरट कुत्र्याला मध्यभागी आणण्यात आले. पहिल्याच भागात टोळीतला शॅगी आणि त्याचा कुत्रा स्कूबी रात्री रस्त्याकडेला उभ्या असलेल्या मालवाहू गाडीपाशी जातात, तर चालकाच्या जागी काळे चिलखत बसलेले असते आणि बघता बघता त्याचे शिरस्त्राण गळून पडते. पुढे संग्रहालयात या चिलखताने बराच धुमाकूळ घातल्यावर आतून निघतो तो खुद्द संग्रहालयाचा अभिरक्षक, अस्सल चित्रांच्या जागी नकली चित्रे लावणारा. रहस्य म्हणून हे तसे बेताचेच, कारण संशय घ्यायला माणसेच मोजकी असतात. पण घाबरवणारा कुणीतरी लबाड मोठा माणूस आहे, हे दरवेळी उघडे पडताना पाहण्याचे सुख मुलांना पुरेसे होते, आणि खरे सांगायचे तर मलाही ते अजून पुरते.

पुढे याच साच्यातून बोलणारी मोटार आली, मग १९७६ मध्ये ढोल वाजवणारा शार्क 'जॅबरजॉ' आला. साचा झिजल्याचे तेव्हा जाणवू लागले होते. १९७७ मध्ये दोघांनी स्वतःची निर्मितीसंस्था काढली आणि पुढच्याच वर्षी 'फँगफेस' ही मालिका आणली. इतकी वर्षे मुखवटे उतरवणाऱ्या या लेखकांनी इथे मात्र खराखुरा लांडगा-माणूस थेट तपास करणाऱ्या मुलांच्याच टोळीत घेतला, आणि तोही असा, की चंद्राचे नुसते चित्र पाहिले तरी त्याचे रूप पालटावे.