मायकेल रिपर: कुशिंग-लीच्या मागे उभा असलेला माणूस

हॅमर या ब्रिटिश चित्रपट कंपनीचे भयपट म्हटलं की पीटर कुशिंग आणि ख्रिस्तोफर ली आठवतात. पण या कंपनीच्या सर्वांत जास्त चित्रपटांत दिसलेला नट आहे मायकेल रिपर. पोर्ट्समथचा, जन्म १९१३ चा. तो कधी सरायवाला असायचा, कधी पोलीस, कधी घोडागाडीवाला, कधी गावातला बेवडा.

त्याची सुरुवात रंगभूमीवर झाली. १९५२ मध्ये थायरॉइडची शस्त्रक्रिया झाली आणि शेवटच्या रांगेपर्यंत पोचेल असा आवाज लावणं त्याला जमेना. नाटक सुटलं. सिनेमाच्या मायक्रोफोनला मात्र तो घोगरा, दबका आवाज पुरेसा होता.

हॅमरच्या कथेत परगावचा माणूस सरायीत शिरतो, वाड्याचं नाव काढतो आणि सगळे गप्प होतात. तिथे सरायवाल्याची भीती खोटी वाटली, तर पुढे वाडा कितीही काळोखा दाखवा, उपयोग नाही. रिपर हे काम दोन-तीन मिनिटांत चोख करतो. 'स्कार्स ऑफ ड्रॅक्युला'मधला (१९७०) त्याचा सरायवाला पाहुण्यांना आसरा नाकारतो. तो दुष्ट नाही, पुरता धास्तावलेला आहे, हे त्याच्या तुटक बोलण्यातून कळतं.

त्याचा आवाका जोखायचा तर १९६६ चे दोन चित्रपट घ्या: 'द प्लेग ऑफ द झॉम्बीज' आणि 'द रेप्टाइल'. दोन्हींचा दिग्दर्शक जॉन गिलिंग. खर्च वाचवायला १९६५ मध्ये ब्रे स्टुडिओत दोन्ही पाठोपाठ चित्रित झाले. कॉर्नवॉलमधल्या गावाचा सेटही तोच, फक्त थोडा बदललेला. म्हणून ते एका बैठकीत पाहू नका. तेच स्मशान, तीच गल्ली दिसते आणि रिपरच्या दोन भूमिका डोक्यात एकमेकींत मिसळतात. पहिल्यात तो पोलीस सार्जंट आहे आणि रात्री कबर उकरणाऱ्यांना पकडतो. दुसऱ्यात तो सरायवाला टॉम बेली आहे आणि स्वतःच कबर उकरायला जातो. नायकाच्या खांद्याला खांदा लावून उभं राहायची अशी संधी त्याला फार क्वचित मिळाली, आणि चित्रपटाला माणुसकीची ऊब येते ती बेलीमुळेच.

'द ममीज श्राउड'मध्ये (१९६७) तो लाँगबॅरो नावाचा दबलेला नोकर आहे. मालकाची बोलणी खातो, इंग्लंडला परत जायची आस धरून असतो. चष्मा गेल्यावर समोर काय उभं आहे हेच त्याला धड दिसत नाही. हा चित्रपट एरवी बेताचा आहे, पण जिवाला चटका लावणारा मृत्यू या एकाच पात्राचा आहे.

तरीही एकच चित्रपट पाहायचा असेल तर 'कॅप्टन क्लेग' (१९६२) पाहा. तस्करांच्या गावातला शवपेट्या बनवणारा मिप्स त्याने केलाय. आधी मिश्कील, मग कावेबाज. आणि शेवटी कुशिंगच्या पात्राचा मृतदेह दोन्ही हातांवर पेलून कबरीकडे नेतो, तेव्हा त्याच्या तोंडी संवाद लागतच नाही. सहायक नटांना दिग्दर्शक सहसा इतका वेळ देत नाहीत.

भयपट झेपत नसतील तर बीबीसीची 'बटरफ्लाइज' ही विनोदी मालिका (१९७८-८३) आहे. तिच्यात तो थॉमस नावाचा शोफर आहे. २००० मध्ये तो गेला.