सुतारपक्ष्याची पेट्रोलचोरी

रविवार, रात्र

जेवण झाल्यावर ‘रेशन बोर्ड’ पाहिलं. वूडी वुडपेकर या सुतारपक्ष्याचं १९४३ सालचं कार्टून, वॉल्टर लँट्झच्या स्टुडिओतलं, जेमतेम सात मिनिटांचं. वूडी गाडी उधळत चाललाय. रस्त्याकडेचा फलक विचारतो, हा प्रवास खरंच गरजेचा आहे का? स्वारी थांबते थोडीच! पुढे पेट्रोल संपतं. मग हा पठ्ठ्या नळी लावून दुसऱ्यांच्या गाड्यांतलं पेट्रोल ओढू लागतो आणि त्यात नेमकी पोलिसाची गाडी सापडते. पळापळ, स्फोट, दोघेही स्वर्गात. तिथेही पाठलाग चालूच.

हसलो खूप, पण डोक्यात राहिला तो फलक. दुसऱ्या महायुद्धात अमेरिकेत असली पोस्टरं खरोखरच लावलेली होती. एकात तर एकट्यानं गाडी हाकणाऱ्याच्या शेजारी चक्क हिटलर बसवलाय! मे १९४२ मध्ये पूर्वेकडच्या १७ राज्यांत पेट्रोलवर रेशन आलं, डिसेंबरात देशभर. काचेवर ‘ए’चा स्टिकर असलेल्या साध्या गाडीला आठवड्याला तीन-चार गॅलन, बस्स.

गंमत अशी की देशभरच्या रेशनमागचं मोठं कारण होतं रबर. जपाननं मलाया आणि डच ईस्ट इंडीज (आजचा इंडोनेशिया) घेतले आणि अमेरिकेचा रबराचा पुरवठाच आटला. टायर टिकवायचे तर गाड्या कमी फिरायला हव्यात, म्हणून पेट्रोल मोजून द्यायचं. (पूर्व किनाऱ्यावर मात्र पेट्रोलचीही तंगी होती, जर्मन पाणबुड्या तेलाची जहाजं बुडवत होत्या.) ताशी ३५ मैलांची मर्यादाही टायरांसाठीच. म्हणजे वूडीनं चोरलेल्या पेट्रोलपेक्षा त्यानं घासलेले टायर सरकारला जास्त झोंबले असते.

शेवटी चोर मरतो, म्हणजे धडा दिल्यासारखं झालं. पण सगळी मजा चोरीतच आहे, आणि ते बनवणाऱ्यांना पक्कं ठाऊक असणार. बाहेर पेट्रोलच्या रेशन-कूपनांचा काळाबाजार चालला होता. महिनाभर कूपनं पुरवून वापरणाऱ्या माणसाच्या मनात काय काय येत असेल! ते सगळं पक्ष्याच्या नावावर टाकून थिएटरात उजळ माथ्यानं हसता येत होतं. पोस्टरांना हे कुठून जमणार?

आपल्याकडेही युद्धात पेट्रोलवर रेशन होतंच. कोळशाच्या गॅसवर चालणाऱ्या, भट्टी लावलेल्या, चढ आला की दमणाऱ्या त्या बसगाड्यांवर असलं एखादं कार्टून मी आवडीनं पाहिलं असतं.