इंचभर गवत

मेंढीच्या लेंडीवर फिकट निळं फुलपाखरू बसलेलं पाहिलं की आपल्या सौंदर्यदृष्टीची जरा पंचाईत होते. हा चॉकहिल ब्लूचा नर. शेजारी थाइम जांभळ्या फुलांनी भरलेलं, पण स्वारी लेंडीतले क्षार चोखण्यात दंग. मादी तर चक्क तपकिरी.

इंग्लंडच्या हॅम्पशायरमधलं ओल्ड विंचेस्टर हिल हे राखीव क्षेत्र. माथ्यावर लोहयुगीन किल्ल्याचे मातीचे तट, खाली खडूचा उतार. (फळ्यावरचा खडू हल्ली बहुतेक जिप्समचा, हा अस्सल, समुद्रतळाशी साचलेल्या सूक्ष्म जीवांच्या कवचांचा.) वर मातीचा पातळ थर, तोही निकस. सगळा थाट त्या निकसपणाचाच. खत मिळालं की दांडगी गवतं माजतात आणि बाकीच्यांचा जीव घुसमटतो. नाही मिळालं तर अशा उतारांवर चौरस मीटरभर जागेत 40 जातींपर्यंत वनस्पती नांदतात.

‘निसर्गाला त्याचं तो बघू दे’ म्हणणाऱ्यांनी इथे जरा दमानं घ्यावं. 1953 मध्ये ब्रिटनमध्ये मिक्सोमॅटोसिस या सशांच्या रोगाची साथ आली, ससे पटापट मेले, खडूच्या टेकड्यांवर गवत वाढलं आणि अ‍ॅडोनिस ब्लू हे दुसरं निळं फुलपाखरू कित्येक उतारांवरून नाहीसं झालं. त्याच्या अळीला हॉर्सशू व्हेच या बुटक्या रोपाखेरीज दुसरं काही चालत नाही. नुसतं ते रोप असून भागत नाही. भोवतालचं गवत 1 ते 4 सेंटिमीटरच हवं, म्हणजे जमीन उन्हानं तापते. अळी गोड स्राव देते, त्या बदल्यात मुंग्या तिची राखण करतात. त्या मुंग्यांनाही ऊबच लागते.

सशांचं उरलेलं काम आता मेंढ्या करतात. शरदात आणि हिवाळ्यात भरपूर चराई, फुलांच्या दिवसांत हात आखडता. यंत्रानं सरसकट कापलं तर पिवळ्या मुंग्यांची जुनी वारुळं छाटली जातात. कापलेलं गवत गोळा करून हलवावंच लागतं, जागेवर कुजलं की खतच. डॉगवुडची झुडपं नुसती तोडली तर बुंध्यातून दुप्पट जोमानं फुटतात, म्हणून पुन्हा पुन्हा तोडणं आलंच.

मेंढी खाते इथलंच आणि टाकते इथेच. कुत्रा मात्र घरी जेवून येतो आणि टेकडीला बाहेरचं खत देऊन जातो. वाटेच्या कडेला गवत उगाच हिरवंगार, माजलेलं दिसतं ते बऱ्याचदा त्यामुळे. पिशवीत भरून न्या, एवढंच म्हणणं. पण कुत्र्याच्या मालकाशी वाद कोण घालणार?